दीड मीटरचा वस्ताद

इंटरनेटवर वस्तादांविषयी जेमतेम चार ओळी आहेत. स्कॉटलंडमधल्या एका गावात जन्म, जागा बचावफळीत, मग एकाखाली एक क्लबांची नावं आणि शेवटी केलेले गोल : एक. आमच्या मराठी मंडळाच्या सेक्रेटरींनी माझ्या दुकानात येऊन या चार ओळी मला फोनवर दाखवल्या आणि म्हणाले, "अख्ख्या करिअरमध्ये एकच? तुम्ही तर त्यांच्याबद्दल काय काय सांगत होता." त्यावर मी काय केलं ते शेवटी सांगतो. आधी वस्ताद कोण होते ते सांगायला पाहिजे. कारण त्या चार ओळींत खोटं काही नाही, पण खरंही काही नाही.

मी कोल्हापूरचा. आमच्याकडे फुटबॉल हा पेठेच्या अब्रूचा प्रश्न असतो. मी स्वतः कधी खेळलो नाही. मी गॅलरीत बसून शिव्या देणाऱ्यांतला. पण त्या गॅलरीत एक गोष्ट शिकलो. सामना संपला की गोल करणाऱ्याला पोरं खांद्यावर घेऊन नाचायची, आणि त्याच वेळी बाहेर चहाच्या गाडीवर जुनी माणसं एकमेकांना विचारायची, "मागं कोण होतं रे?" हे विचारणाऱ्याने फुटबॉल बघितलेला असतो. बाकीची गर्दी.

हॉलंडमधल्या आइंडहोवनला मी बायकोच्या मागून आलो. चिप बनवणारी यंत्रं तयार करणाऱ्या कंपनीत तिला नोकरी लागली, आणि मी दुचाकीच्या स्पेअर पार्टचं दुकान भावाच्या हवाली करून डिपेंडंट व्हिसावर विमानात बसलो. कुणाच्या मदतीशिवाय उभं केलेलं दुकान होतं ते. इथे मंडळाच्या गणपतीत माझी ओळख करून देण्यात आली ती "मॅडमचे मिस्टर" अशी. सेक्रेटरींनी सगळ्यांच्या देखत विचारलं, "मग दिवसभर घरी काय करता?" माझ्याकडे जे उत्तर होतं ते तोंडाने द्यायचं नव्हतं. त्याच आठवड्यात मी एक मोडकी सायकल घेतली, दुरुस्त केली आणि नव्याने आलेल्या एका तेलुगू जोडप्याला विकली. मग दुसरी घेतली. बाल्कनी भरली, जिना भरला, आणि एके दिवशी बायको शांतपणे म्हणाली की या घरात एक तर ग्रीस राहील, नाहीतर मी.

तेवढ्यात कोरोना आला. लोक बसमध्ये चढायला घाबरू लागले. ज्याला त्याला सायकल हवी झाली, आणि नव्या सायकली तर कारखान्यांतून येईनात. माझा धंदा फुलायची हीच वेळ होती आणि मला उभं राहायला जागा नव्हती.

इथे ओळीत बांधलेल्या घरांना मागे छोटी बाग असते, बागेच्या टोकाला विटांची शेड, आणि शेडच्या मागून एक चिंचोळा बोळ. अशी एक शेड भाड्याने द्यायची आहे असं कळलं म्हणून मी एका दाराची बेल वाजवली. दार उघडणारा माणूस उंच, वाकड्या नाकाचा, साठीच्या आसपासचा. बाहेर बोचरा वारा होता आणि याच्या अंगात हाफ पँट. गुडघे तर असे, की दोन वेगवेगळ्या माणसांकडून एकेक आणून बसवलेत.

मी भाव सांगितला. अर्थात पाडून सांगितला. समोरचा चिडला पाहिजे, चिडला की तो चुकतो, ही माझी जुनी पद्धत. हा माणूस चिडला नाही. बोललाही नाही. तिरका उभा राहिला, अर्धं पाऊल मागे सरकला आणि माझ्या पायांकडे बघत राहिला. मला वाटलं जरा जास्तच पाडला. मी थोडा चढवला. तो आणखी अर्धं पाऊल मागे. मी आणखी चढवला. असं करत करत त्याच्या घरातून आरपार जाऊन, बाग ओलांडून मी शेडच्या दारात उभा राहिलो, तेव्हा माझ्या ध्यानात आलं की इतका वेळ मी एकटाच बोलतोय. आयुष्यात पहिल्यांदा मी स्वतःशी घासाघीस केली आणि हरलो.

मग तो म्हणाला, "तुझा पहिला आकडा मला चालला असता. पण तू इतका छान येत होतास की अडवावंसं वाटेना."

आणि त्याने पहिलाच आकडा घेतला. मी विचारलं, तुम्ही काय धंदा करत होता? म्हणाला, डिफेन्डर. स्कॉटलंडमध्ये सुरुवात, मग इंग्लंडातले खालचे क्लब, बेल्जियम, आणि शेवटी इथे हॉलंडात दुसऱ्या श्रेणीत. इथेच लग्न केलं, इथेच ते मोडलं, घर तेवढं राहिलं. मी त्याच दिवसापासून त्यांना वस्ताद म्हणू लागलो. तालमीत मल्लांना घडवणाऱ्याला आमच्याकडे वस्ताद म्हणतात, असा अर्थही सांगितला. त्यांना तो आवडला. बदल्यात त्यांनी विचारलं की तुमच्याकडे दोस्ताला काय म्हणतात. मी म्हटलं, भावा. तेव्हापासून मी भावा, पोस्टमन भावा, आणि कोपऱ्यावरची ब्रेडवाली बाईसुद्धा भावाच.

वस्ताद कुठूनही निघताना पाठ फिरवत नसत. बोलणं संपलं की तिरके होऊन उलट्या पावलांनी मागे सरकत जायचे, नजर आपल्यावर. बॉलकडे पाठ केलेला डिफेन्डर उपयोगाचा नाही, एवढंच कारण द्यायचे. फुलवाल्याच्या दुकानातून ते असे दोनदा बाहेर पडले होते. त्यानंतर वस्ताद येताना दिसले की फुलवाला बादल्या आत घेई.

दुसरी सवय हात वर करायची. सुपरमार्केटच्या रांगेत कुणी घुसलं, सायकलच्या रस्त्यावर कुणी उलटा आला, टीव्हीवर मंत्री काही खोटं बोलला, की वस्तादांचा उजवा हात सरळ वर. ऑफसाइड : फॉरवर्ड नियम मोडून पुढे घुसला की डिफेन्डर रेफ्रीला दाखवायला करतो तसा. तोंडाने एक शब्द नाही, फक्त हात, आणि तो खाली येत नसे. एकदा रांगेत घुसलेला माणूस सगळं सामान घेऊन पैसे देऊन निघून गेला तरी हात वरच. मी म्हटलं, "वस्ताद, रेफ्री कुठाय इथं?"

"हात आधी वर करायचा, भावा. रेफ्री बघून वर केला तर उशीर झालेला असतो."

"आणि रेफ्री आलाच नाही तर?"

"येईल," ते म्हणाले, आणि बटाटे पिशवीत भरू लागले.

कोरोनाच्या त्या अंतरावर मात्र ते खूश होते. आयुष्यभर प्रशिक्षक कानात ओरडले की चिकटून राहा, आणि आता म्हातारपणी पंतप्रधान टीव्हीवर येऊन सांगतोय की दीड मीटर लांब राहा. वस्तादांचं म्हणणं, पंतप्रधान बरोबर आहे आणि प्रशिक्षक सगळे गाढव होते. चिकटलं की फॉरवर्ड अंगावरून वळतो, फार लांब राहिलं की गोलावर मारतो. दीड मीटर हेच खरं अंतर. सरकारला ते कळायला साथ यावी लागली. रस्त्यातून चालताना ते हे अंतर असं सांभाळायचे की समोरचा माणूस बाजूला व्हायचा आणि त्याला वाटायचं आपण स्वतःहून झालो.

त्यांच्या क्लबांच्या गोष्टी मी शेडमध्ये पंक्चर काढता काढता ऐकल्या. ते उलट्या बादलीवर बसायचे, थर्मासमधला काळा चहा प्यायचे आणि क्लब बोटांवर मोजायचे. दोन्ही हातांची बोटं संपली की "आणि ते बेल्जियमवाले" म्हणून थांबायचे. एका क्लबने त्यांना दुसऱ्या क्लबला दिलं आणि मोबदल्यात गवत कापायचं यंत्र घेतलं. माझ्यातला धंदेवाईक जागा झाला. मी विचारलं, यंत्र नवीन का सेकंडहँड? म्हणाले, सेकंडहँड, पण चालू. मला त्यांच्या वतीने राग आला. त्यांना उलट अभिमान होता. त्या मैदानावर पुढे कित्येक वर्षं त्याच यंत्राने गवत कापलं गेलं, आणि तिथे सामना असला की ते आधी जाऊन यंत्र बघून यायचे. आपल्या बदल्यात दिलेली वस्तू टिकाऊ निघाली याचं समाधान किती जणांना मिळतं, असं विचारायचे.

तो एक गोल, इंटरनेटवरचा, त्याबद्दल मात्र बोलायचे नाहीत. मी फार मागे लागलो तेव्हा म्हणाले की तो आपला नाहीच. कॉर्नरच्या वेळी ते कुणालातरी शिव्या देत उभे होते आणि बॉल येऊन पाठीवर आपटला.

मिरवायचे ते वेगळ्याच गोष्टीचं. चषकाचा सामना होता. समोर मोठा क्लब, आणि त्यांचा फॉरवर्ड असा की त्याच्या नावाची गाणी लोक म्हणायचे. वस्तादांनी पूर्ण सामनाभर त्या माणसाला गोलाकडे तोंड करू दिलं नाही. पाडलं नाही, ढकललं नाही, एकदाही रेफ्रीची शिट्टी नाही. नुसतं हळूहळू बाहेरच्या रेषेकडे नेत राहिले. दुसऱ्या दिवशी पेपरात आलं की काल त्या फॉरवर्डची तब्येत बरी नसावी.

ही ओळ वस्ताद तोंडपाठ म्हणून दाखवायचे आणि वर छातीवर हात ठेवायचे. "माझं नाव नव्हतं, भावा. कुठेच नव्हतं. याहून चांगलं कुणाबद्दल लिहून आलंय?"

पण वस्ताद खरे फुलले ते रिकाम्या स्टेडियममुळे. कोरोनात सामने प्रेक्षकांशिवाय होऊ लागले. सगळ्यांना ते भकास वाटायचं, मलाही वाटायचं. गॅलरीशिवाय फुटबॉल म्हणजे जेवणाशिवाय लग्न. वस्तादांनी शेडमध्ये एक छोटा टीव्ही आणून ठेवला, आवाज मोठा केला आणि डोळे मिटून बसले. मैदानावरचं बोलणं ऐकू येत होतं. मागच्या फळीतला कुणीतरी सतत ओरडत होता : डावीकडे, पुढे ये, थांब, मागे माणूस. वस्ताद म्हणाले, हेच आमचं काम, बोलणं. पण इतकी वर्षं लोकांच्या आरडाओरड्यात ते बुडून गेलं. आता पहिल्यांदा जगाला कळेल की मागे उभा असलेला माणूस काय करतो. नुसत्या आवाजावरून ते सांगायचे की अमक्याचा डिफेन्डर गप्प झालाय, आता गोल बसेल. आणि बसायचा. मग तो गोल बघायला ते डोळे उघडायचे नाहीत.

त्या हिवाळ्यात दुकानं पुन्हा बंद झाली, पण सायकल दुरुस्तीला परवानगी होती. बोळातून सकाळपासून लोक येत. दवाखान्यातल्या नर्स, कुरियरवाले, शाळा बंद म्हणून घरी अडकलेली पोरं घेऊन बाया. शेड छतापर्यंत भरली. वर्षभरात मला कुणी "मॅडमचे मिस्टर" म्हटलं नव्हतं. आता बायकोलाच कंपनीत विचारत, सायकलवाले तुमचे का?

आणि मग खेमेन्तेचं पत्र आलं. खेमेन्ते म्हणजे इथली नगरपालिका. राहत्या वस्तीत धंदा चालतो अशी शेजाऱ्याची तक्रार आहे, आमचा माणूस पाहायला येईल, तसं आढळलं तर बंद करावं लागेल. पत्र वस्तादांच्या नावाने होतं, पण बंद होणार होतो मी. शेड गेली असती तर मी पुन्हा घरी, पुन्हा गणपतीत तोच प्रश्न.

तक्रार कुणी केली याला पुरावा नाही. पण त्या बोळाकडे ज्यांची खिडकी उघडते त्यांत आमच्या मंडळाचे सेक्रेटरी एकटेच असे, की ज्यांची सायकल मी दुरुस्त केलेली नव्हती. त्यांना पुढे पेटी असलेली, मुलं बसवायची सायकल हवी होती. चांगली तयार केली होती मी. ते तीन वेळा येऊन भाव करून गेले, आणि तिसऱ्या वेळी म्हणाले, "तुम्हाला काय, घरबसल्या चाललंय." ती सायकल मी त्याच संध्याकाळी एका नर्सला त्यांनी लावलेल्या भावापेक्षा कमीत दिली आणि त्यांना तसं कळवलंही. त्यानंतर पंधरवड्यात पत्र. आता जुळवायचं ते जुळवा.

मी सेक्रेटरींच्या दारावर जायला निघालो होतो. वस्ताद बागेच्या फाटकात तिरके उभे राहिले.

"पास कुणी दिला ते नंतर बघू," ते म्हणाले. "बॉल आत्ता कुणाकडे आहे?"

"खेमेन्तेकडं. येऊ दे त्याला. मीच बोलतो."

"तू झेप घेतोस, भावा. झेप घेतली की तू खाली आणि तो पुढे. तू शेडमध्ये बस, दार लाव, आणि काहीही झालं तरी पाय जमिनीवर ठेव."

तो माणूस आला तेव्हा मी आतून कडी लावून, सायकलींच्या मध्ये उभा राहून फटीतून बघत होतो. तरुण पोरगा, उंच, नम्र, हातात टॅब्लेट. बोळातून सरळ आमच्या फाटकाकडे आला. वस्तादांनी फाटक उघडलं, बाहेर आले, मागे ओढून घेतलं आणि सुप्रभात म्हणाले. बोळाची रुंदी एवढी की दोन माणसं एकमेकांना ओलांडायची तर अंग घासणार, आणि दीड मीटरच्या काळात ते शक्यच नव्हतं. पोरगा म्हणाला, शेडमध्ये सायकली आहेत असं कळलंय.

"आहेत ना," वस्ताद म्हणाले. "सायकली नसलेली शेड तुम्ही या देशात पाहिली आहे?"

असं म्हणताना त्यांनी अर्धं पाऊल पुढे टाकलं. अंगावर गेले नाहीत. खांदा किंचित वळवला आणि भिंतीकडे बोट दाखवलं, इथे ओल येते बघा. पोरगा अंतर राखायला अर्धं पाऊल मागे सरला. सरकारी माणूस, नियम पाळणार. तो म्हणाला, धंदा चालतो का ते मला पाहायचं आहे. वस्ताद म्हणाले, जरूर, पण हे गटार आधी पाहा, पावसात तुंबतं. पुन्हा अर्धं पाऊल. पोरगा गटाराकडे बघत मागे. वस्तादांचं डच असं, की समोरचे लोक दया येऊन इंग्रजीत बोलू लागतात. पोरगाही लागला, आणि वस्ताद हट्टाने डचमध्येच उत्तरं देत राहिले, त्यामुळे त्याचं सगळं लक्ष त्यांचं बोलणं समजून घेण्यात. प्रत्येक प्रश्नाला उत्तर मिळत होतं. प्रत्येक उत्तरासोबत अर्धं पाऊल जात होतं. पोरगा टॅब्लेटवर गटाराची नोंद करत करत उलटा चालत होता आणि त्याला वाटत होतं की तोच वस्तादांना पाहणीवर घेऊन निघालाय.

बोळ संपला. मागून घंटी वाजली, कारण तो सायकलच्या रस्त्यावर पोहोचला होता. त्याने दचकून इकडेतिकडे पाहिलं. वस्तादांनी कोपर पुढे केलं, त्यानेही केलं, आणि त्या काळातला निरोपाचा नमस्कार झाला. ना हात लावला, ना आवाज चढवला, ना एक शब्द खोटा. बाहेरच्या रेषेपार नेऊन सोडला. मग वस्ताद अख्खा बोळ उलट्या पावलांनी चालत परत आले.

मी गॅलरीतला माणूस. आयुष्यात एवढा बचाव पाहिला नव्हता. शेडमध्ये एकट्यानेच टाळ्या वाजवल्या.

वस्ताद मात्र बादलीवर बसून गुडघे चोळत होते. म्हणाले, तो परत येईल. मी म्हटलं, मग उपयोग काय झाला?

"डिफेन्डर दर वेळी बॉल जिंकत नाही. आपली माणसं मागे येईपर्यंत वेळ काढतो." त्यांनी थर्मासचं झाकण लावलं. "तुझी माणसं कुठायत, भावा?"

या प्रश्नावर मला राग आला, कारण नव्हतीच कुणी. बायको होती, ती दिवसभर संगणकासमोर. मंडळ होतं, त्याचं सांगितलंच. मी तडकून म्हटलं की माझं मी बघतो, आजवर मीच बघत आलोय. वस्ताद तिरके झाले. अर्धं पाऊल मागे सरले आणि माझं बोलणं संपायची वाट बघू लागले. ते संपलं तेव्हा म्हणाले, कोट घाल, क्लबवर जाऊ.

आमच्या भागात हौशी लोकांचा एक फुटबॉल क्लब आहे. तिथे वस्ताद साठीच्या लोकांबरोबर चालण्याचा फुटबॉल खेळत. इथे खरंच असा खेळ आहे : धावायला बंदी, अंगाला हात लावायला बंदी. वस्ताद म्हणायचे, मला कधीच धावता येत नव्हतं, शेवटी माझ्या मापाचा खेळ निघाला. त्या हिवाळ्यात क्लबचं कँटीन बंद होतं, बिअर नाही, प्रेक्षक नाहीत, म्हणून पैसा नाही. आणि कँटीनमागे रस्त्याकडे दार असलेली एक मोठी खोली नुसती झेंडे आणि रिकामे क्रेट ठेवायला वापरली जात होती. तिथे दुरुस्तीचा धंदा करायला हरकत नव्हती. एवढं सगळं वस्तादांनी आधीच विचारून ठेवलं होतं, मला न सांगता.

क्लबच्या अध्यक्ष म्हणजे एक निवृत्त शिक्षिका. मैदानाच्या कडेला, थंडीत, अंतर राखून आम्ही तिघं उभे. वस्तादांनी मला एकच अट घातली होती : तिरका उभा राहा आणि बोलू नकोस. बाईंनी भाडं सांगितलं. जास्त होतं. माझ्या तोंडात उत्तर तयार होतं, जिभेवर आलं होतं. मी अर्धं पाऊल मागे सरलो. बाईंनी माझ्याकडे पाहिलं, मग रिकाम्या मैदानाकडे, आणि म्हणाल्या, अर्थात हीटर नाही तिथे, तेव्हा थोडं कमी करता येईल. मी पायांकडे बघत आणखी अर्धं पाऊल सरलो. छपरातून जरा गळतं हेही त्यांनीच सांगितलं. शेवटी भाडं माझ्या मनातल्या आकड्याच्याही खाली आलं. फक्त क्लबच्या मुलांच्या सायकली फुकट बघायच्या. मी मान हलवली. परतताना वस्ताद म्हणाले की बाई फार चांगल्या आहेत, आणखी एक पाऊल सरला असतास तर कुंपणात गेला असतास.

खेमेन्तेचा पोरगा दुसऱ्यांदा आला तेव्हा वस्तादांनी त्याला थेट शेडमध्ये नेलं. आत एक टीव्ही, दोन उलट्या बादल्या दीड मीटर अंतरावर, आणि वस्तादांची स्वतःची सायकल. रिकाम्या स्टेडियममधला सामना चालू होता. असं कळलं की तो पोरगा उत्तरार्ध संपेपर्यंत बसला, डोळे मिटून. आणि बोळातलं ते गटार पुढच्याच महिन्यात दुरुस्त झालं.

पुढे सगळं उघडलं. स्टेडियमं भरली, आणि टीव्हीवर पुन्हा नुसती गर्दी ऐकू येऊ लागली. वस्तादांनी टीव्ही माझ्या दुकानात आणून ठेवला आणि म्हणाले, आता काही ऐकू येत नाही. स्कॉटलंडात त्यांची बहीण एकटी होती आणि थकली होती. वस्तादांनी घर विकलं आणि ते तिच्याकडे निघाले. मी त्यांना समुद्रकाठी बोटीच्या धक्क्यावर सोडायला गेलो. बायकोने डब्यात पुरणपोळ्या दिल्या होत्या. त्या त्यांनी तिथेच दोन खाल्ल्या. निघताना त्यांनी मला एकदम छातीशी धरलं. अडीच वर्षांत पहिल्यांदा ते कुणाला चिकटले असतील. मग सोडलं, तिरके झाले आणि उलट्या पावलांनी काचेच्या दाराकडे निघाले. दार आपोआप उघडलं. मागे ट्रॉली घेऊन एक बाई येत होती. मी पूर्ण ताकदीनिशी ओरडलो, "मागं माणूस!" मराठीत. त्यांना कळलं. मागे न बघता ते बाजूला झाले आणि आत गेले.

तर सेक्रेटरी. परवा ते माझ्या दुकानात आले. दुकानाला आता हीटर आहे, छप्पर गळत नाही, दोन माणसं कामाला आहेत. ते मुलाच्या सायकलचा भाव करत होते आणि बोलता बोलता त्यांनी फोन काढून त्या चार ओळी दाखवल्या. "एकच गोल. आणि ज्या व्हिडिओत ते दिसतात त्यात तर फॉरवर्ड त्यांना चकवून जातोय. अगदीच सामान्य खेळाडू होते हो तुमचे वस्ताद."

 तक्रारीचं, पेटीच्या सायकलचं, गणपतीचं, सगळं एकदम तोंडाशी आलं. न झालेले गोल इंटरनेटवर कुठे लिहितात ते दाखवा, असं विचारणार होतो. तुम्ही उभे आहात ती जागा कुणामुळे मिळाली माहीत आहे का, असं विचारणार होतो.

मी तिरका झालो. म्हटलं, "खरं आहे साहेब. यंदा दिवाळीचा कार्यक्रम कुठं घेताय?" आणि अर्धं पाऊल पुढे टाकलं.

दीड मीटरचा नियम कधीच उठलाय. पण पायांच्या लक्षात राहतं. सेक्रेटरी अर्धं पाऊल मागे सरले. म्हणाले, हॉल बघतोय. मी विचारलं, फराळ विकत का घरचा? अर्धं पाऊल. तो विषय त्यांच्या जिव्हाळ्याचा. चकल्या गेल्या वर्षी कशा मऊ पडल्या ते सांगत ते दारापर्यंत आले. मी खांदा वळवून त्यांना फुलांच्या कुंड्या दाखवल्या. पायरी उतरले. सायकलींच्या स्टँडला वळसा घातला. लाडू रव्याचे का बेसनाचे हे ठरता ठरता मागून घंटी वाजली आणि त्यांनी दचकून पाहिलं. ते सायकलच्या रस्त्यावर उभे होते, हातात फोन, मुलाची सायकल आत माझ्या दुकानात, आणि भाव मी सांगितलेलाच.

मी उजवा हात सरळ वर केला.

"हे काय?" सेक्रेटरी म्हणाले. "हात कुणाला करताय?"

"रेफ्रीला."

त्यांनी रस्त्याच्या दोन्ही बाजूंना पाहिलं. "कुठाय रेफ्री?"

"येईल," मी म्हटलं, आणि हात खाली न घेता उलट्या पावलांनी दुकानात आलो.